मूकपटांतील स्त्रियांची नावे शोधताना : एका माहितीपटाची सव्वादोन वर्षे

२९ ऑगस्ट २०२५ रोजी दुपारी माझ्या माहितीपटाचे सेन्सॉर प्रमाणपत्र आले आणि १२ जून २०२३ रोजी हाती घेतलेले काम कागदोपत्री पूर्ण झाले. मराठी मुलखात चित्रपट सुरू झाल्यापासून बोलपट येईपर्यंतच्या काळात, पडद्यावर आणि पडद्यामागे राबलेल्या स्त्रियांविषयीचा हा ३४ मिनिटांचा माहितीपट आहे. अशा कामासाठी कोणाकडे कोणता अर्ज करायचा, कोणत्या कागदावाचून अडते आणि पैसे नेमके कुठे जातात, हे क्रमाने सांगणारे काहीही सुरुवातीला मला मराठीत सापडले नव्हते. त्यामुळे वहीत टिपून ठेवलेल्या तारखा आणि आकडे समोर घेऊन ही हकिगत लिहिते आहे.

सुरुवातीला माझ्यापाशी सर्वांना ठाऊक असलेली तेवढीच माहिती होती. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला, त्यात काम करायला एकही स्त्री तयार झाली नाही आणि तारामतीची भूमिका अण्णा साळुंके यांनी केली. त्याच वर्षी फाळक्यांनी ‘मोहिनी भस्मासुर’ तयार केला आणि त्यात दुर्गाबाई कामत पार्वती, तर त्यांची कन्या कमलाबाई मोहिनी झाल्या. बहुतेक पुस्तकांत या दोघींचा उल्लेख एवढ्यावर आटोपतो आणि पुढचे पान पुन्हा कंपन्या, भांडवल आणि दिग्दर्शक यांच्याकडे वळते. मला त्या दोन वाक्यांपाशी थांबायचे होते. त्या नाटक मंडळीतून चित्रपटात कशा आल्या, त्यांच्यानंतर कोण आल्या आणि ज्यांचा चेहरा पडद्यावर कधी आलाच नाही अशा स्त्रिया कोणते काम करीत होत्या, हे माझे प्रश्न होते.

पहिले दोन महिने मी कॅमेऱ्याला हातही लावला नाही. दृश्य माध्यमात काम करणाऱ्याने सर्वांत आधी काय उरले आहे ते पाहावे, या जुन्या सवयीने मी यादी करायला बसले आणि आठवड्याभरातच मन खचले. भारतात सुमारे १३०० मूकपट तयार झाले आणि त्यांतील तीसदेखील आज जतन झालेल्या अवस्थेत नाहीत, असे चित्रपटांच्या जतनाविषयी लिहिणारे सांगतात. त्या काळची फीत नायट्रेटची होती. ती झटकन पेट घेते आणि एकदा पेटली की पाण्याखालीही जळत राहते, कारण जळायला लागणारा प्राणवायू तिच्यातूनच बाहेर पडतो. पेटली नाही तरी उष्ण आणि दमट हवेत ती चिकट होते, तपकिरी पडते आणि शेवटी तिची भुकटी होते. फितीवरील चांदी काढून घेण्यासाठी भंगारात गेलेल्या प्रतीही पुष्कळ. ‘मोहिनी भस्मासुर’ आज पाहायला मिळत नाही. फातमा बेगम यांनी १९२६ साली स्वतःची संस्था काढून दिग्दर्शित केलेला ‘बुलबुल-ए-परिस्तान’ही पाहायला मिळत नाही. ज्या स्त्रियांवर चित्रपट करायचा त्यांचेच चित्रपट नाहीत, ही गोष्ट पचवायला मला बराच वेळ लागला. तो वेळ वाया गेला असे मात्र मी म्हणणार नाही, कारण चित्रपट हाताशी नसेल तर त्याच्याभोवतीचे कागद शोधावे लागतात, आणि पुढे सारे काही त्या कागदांतूनच मिळाले.

सप्टेंबर २०२३ मध्ये मी पहिला अर्ज केला आणि तिथेच माझी पहिली चूक झाली. एका संग्रहाकडे पाठवलेल्या त्या अर्जात मी ‘मूकपटकालीन स्त्री कलाकारांविषयीची उपलब्ध सामग्री पाहायची आहे’ असे लिहिले होते. अकरा आठवडे उत्तर आले नाही. दूरध्वनी केला तेव्हा कळले की अर्ज कोणाच्या टेबलावर जावा हेच ठरले नव्हते, कारण त्यात एकाही वस्तूचे नाव नव्हते. तेथील एका कर्मचारी बाईंनी फार आपुलकीने समजावले, ‘‘ताई, आमच्याकडे स्त्री कलाकार असा कप्पाच नाही. चित्रपटाचे नाव सांगा, साल सांगा, रीळ हवे की छायाचित्र की पुस्तिका तेही सांगा, म्हणजे आम्हाला काढून देता येईल.’’ दुसरा अर्ज मी चित्रपटाचे नाव, साल, निर्मिती संस्था, हवी असलेली वस्तू, ती फक्त पाहायची आहे की वापरायची आहे आणि वापरायची असल्यास किती सेकंद, अशा रकान्यांत भरून दिला. त्याचे उत्तर एकोणीस दिवसांत आले. एखाद्या संग्रहाला पत्र लिहायच्या आधी हे रकाने भरता येतात का, ते स्वतःशी तपासून पाहावे.

त्या बाईंच्या बोलण्याने माझ्या संपूर्ण कामाची दिशा बदलली. सूची चित्रपटांच्या आणि दिग्दर्शकांच्या नावांनी लावलेल्या असतात, आणि स्त्रियांची नावे तर एका जागी ठरत नाहीत. कमलाबाई आधी कामत, रघुनाथराव गोखले यांच्याशी लग्न झाल्यावर गोखले. इंग्रजीत नाव लिहिताना कुठे ‘कमला बाई’ असे तोडलेले, कुठे ‘कमळाबाई’, कुठे नुसते ‘कमला’. दादासाहेबांच्या पत्नी सरस्वतीबाई फाळके यांचे माहेरचे नाव निराळे होते आणि लग्नात ते बदलले गेले. कोल्हापुरात बाबुराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या १९२० सालच्या ‘सैरंध्री’त काम करणाऱ्या गुलाबबाई पडद्यासाठी कमलादेवी झाल्या आणि अनसूयाबाई सुशीलादेवी झाल्या. चित्रपटात काम केले म्हणून त्यांच्या समाजाने त्यांना दूर केले आणि कंपनीच्या आवारातच त्यांना राहायला जागा द्यावी लागली. बदललेले नाव त्यांच्यासाठी आडोसाही होते, आणि शंभर वर्षांनी त्यांना शोधणाऱ्यासाठी तोच अडसर झाला. म्हणून मी प्रत्येक स्त्रीसाठी वहीचे एक पान केले. त्यावर माहेरचे नाव, सासरचे नाव, रंगमंचावरचे नाव, पडद्यावरचे नाव आणि इंग्रजीत शक्य असलेली सर्व रूपे लिहिली. फातमा बेगम यांच्यासाठी अशी सात रूपे झाली. पुढील दोन वर्षांत सर्वांत जास्त उपयोगी पडलेली वस्तू म्हणजे ही वही.

नोव्हेंबर आणि डिसेंबर २०२३ हे महिने जुन्या वर्तमानपत्रांत गेले. मुंबईत एका ग्रंथालयात मायक्रोफिल्मवर आणि पुण्यात एका ठिकाणी बांधीव खंडांतून मी १९१३ आणि १९१४ सालच्या जाहिराती पाहिल्या. दोन्हीकडे वाचक म्हणून नोंदणी करावी लागली. ओळखपत्राची प्रत, दोन छायाचित्रे, आणि एका जागी कोणत्या तरी संस्थेचे किंवा प्राध्यापकांचे शिफारसपत्रही मागितले. स्वतंत्रपणे काम करणाऱ्याकडे असे पत्र नसते. मी माझ्या जुन्या महाविद्यालयातील प्राध्यापकांकडून ते आणले, त्यात दहा दिवस गेले. अशी तीन-चार पत्रे संस्थेचे नाव मोकळे ठेवून आधीच करून ठेवावीत. आत शिसपेन्सिल चालते, शाईचे पेन चालत नाही. छायाचित्र काढू देतील की नाही ते प्रत्येक ठिकाणी वेगळे असते, म्हणून हाताने उतरवून घेण्याची तयारी हवी. मायक्रोफिल्मच्या यंत्रासमोर सलग तीन तासांपेक्षा जास्त बसू नये, डोळे थकले की नावे निसटतात. त्या दोन महिन्यांत प्रवास, राहणे आणि प्रती यांवर २३,४०० रुपये गेले.

जाहिराती वाचताना एक गोष्ट वारंवार जाणवली. देवादिकांची, चमत्कारांची आणि पडद्यावरील युक्त्यांची वर्णने मोठ्या अक्षरांत असत आणि मनुष्यनटांची नावे, पुरुषांचीसुद्धा, फारच क्वचित दिसत. म्हणजे स्त्रियांची नावे कोणी मुद्दाम गाळली असा निष्कर्ष त्यावरून काढणे चुकीचे ठरले असते. त्या वेळी नटाच्या नावावर चित्रपट विकला जातच नव्हता. फरक पुढे पडला. पुरुषांची नावे नंतरच्या आठवणींत, सत्कारांत आणि चरित्रांत भरून निघाली, स्त्रियांची तितकी निघाली नाहीत. चित्रपटाच्या निवेदनाचा पहिला खर्डा मी या एका जाणिवेमुळे फाडून नव्याने लिहिला, कारण त्यात माझा राग पुराव्याच्या पुढे धावत होता.

जानेवारी २०२४ मध्ये पुण्याला लॉ कॉलेज रस्त्यावरील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे वळले. १९६४ साली ही संस्था स्थापन झाली आणि पी. के. नायर यांनी आयुष्य वेचून तिचा संग्रह उभा केला. फाळक्यांच्या चित्रपटांचे जे अवशेष आज आपण पाहू शकतो त्यांचे श्रेय त्यांच्या धडपडीला फार मोठ्या प्रमाणात जाते. इथे पहिल्यांदाच संग्रहाकडे जाणाऱ्यासाठी एवढेच सांगते की चित्रपट पाहण्याची परवानगी, त्याची प्रत मिळणे आणि ती आपल्या चित्रपटात वापरण्याची परवानगी या तीन निराळ्या गोष्टी समजाव्यात आणि तिन्हींसाठी वेगवेगळा वेळ हाताशी ठेवावा.

मला ‘राजा हरिश्चंद्र’ची उरलेली दोन रिळे आणि १९१९ सालचा ‘कालिया मर्दन’ पाहायचा होता. हरिश्चंद्राच्या रिळांत तारामती आणि तिच्या सख्या जलक्रीडा करीत असतात तेव्हा हरिश्चंद्र तिथे येतो. ओल्या लुगड्यांतल्या त्या सगळ्या सख्या पुरुष आहेत. हे दृश्य लोक हसत हसत दाखवतात. मला ते पाहताना हसू आले नाही, कारण त्या पुरुषांनी ते काम मनापासून केले आहे आणि त्यांच्या पाठीमागे, त्या पाण्यात उतरायला तयार न झालेल्या किंवा उतरू न दिलेल्या बायकांची रांग मला दिसत होती. ही रिळे १९१३ च्या मूळ चित्रपटाची नसून फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा केलेल्या आवृत्तीची आहेत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. त्यामुळे माझ्या चित्रपटात या दृश्याखाली मी साल लिहिले नाही, ‘फाळके यांचा हरिश्चंद्र, उपलब्ध रीळ’ एवढेच लिहिले. वादातील साल ठामपणे छापून टाकण्याचा मोह टाळावा. एकदा पडद्यावर गेलेला आकडा पुढच्या दहा जणांच्या लेखांत जातो.

‘कालिया मर्दन’मध्ये बाळकृष्ण झाली आहे ती फाळक्यांची मुलगी मंदाकिनी. कथा सुरू होण्याआधी ही लहानगी कृष्णाचा वेश न घेता प्रेक्षकांसमोर येते आणि चेहऱ्यावर एकामागून एक भाव दाखवते, जणू पुढे जे पाहाल ते मीच करणार आहे असे ती आधी सांगून ठेवते. मी हे दृश्य पूर्वी संगणकावर अनेकदा पाहिले होते आणि दर वेळी ते मला वेडावून दाखवल्यासारखे, घाईचे वाटले होते. कारण पुढे कळले आणि तांत्रिक असले तरी सविस्तर सांगते. पस्तीस मिलिमीटरच्या एका फूट फितीत १६ चौकटी, म्हणजे सुटी चित्रे, असतात. त्या काळचा कॅमेरा हाताने फिरवत, साधारण सेकंदाला १६ ते १८ चौकटी या वेगाने. तीच फीत पुढच्या काळातील सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने चालवली की माणसे जवळपास दीडपट वेगाने हलू लागतात आणि प्रत्येक अभिनय माकडचेष्टेसारखा दिसतो. माझ्या संकलकाने प्रत्येक चौकट सुटी ठेवून तो तुकडा १६, १७ आणि १८ अशा तीन वेगांनी लावून दाखवला. सतराच्या वेगाला ती मुलगी अचानक थांबून विचार करू लागली. राग चेहऱ्यावर चढताना दिसला, तो उतरताना दिसला आणि दोन भावांच्या मध्ये ती क्षणभर कॅमेऱ्यापलीकडे कोणाकडे तरी पाहते तेही दिसले. त्या संध्याकाळी आम्ही दुसरे काहीच काम केले नाही. शंभर वर्षांपूर्वीच्या एका मुलीचा अभिनय केवळ चुकीच्या वेगामुळे हास्यास्पद ठरत आला होता, आणि मीही तो तसाच पाहत आले होते, याची मला मनापासून लाज वाटली. आपल्याला मिळालेली प्रत कोणत्या वेगाने उतरवली आहे हे लेखी विचारून घ्यावे, आणि शक्य असेल तर चौकटीला चौकट अशी प्रत मागावी. ती नंतर कोणत्याही वेगाला लावता येते.

फेब्रुवारी ते एप्रिल २०२४ या काळात सरस्वतीबाईंवरचा भाग लिहिला. फाळके १९१२ साली लंडनहून कॅमेरा आणि छिद्रे पाडण्याचे यंत्र घेऊन आले. कच्ची फीत छिद्रांवाचून येत असे आणि दोन्ही कडांना छिद्रे पाडल्याशिवाय ती कॅमेऱ्यात पुढे सरकत नसे. ते काम अंधारात करावे लागे आणि ते सरस्वतीबाई करीत. दागिने मोडून पैसा उभा करणे, सगळ्या मंडळींचा स्वयंपाक, उन्हात पांढरी चादर धरून उजेड पाडणे आणि रात्री फितीचे काम, असा त्यांचा दिवस असे. दागिने आणि स्वयंपाक यांविषयी सगळे लिहितात, कारण पत्नीच्या त्यागाच्या गोष्टीत ते सहज बसते. मला छिद्रांविषयी सांगायचे होते, म्हणून मी हिशेब मांडला. एका चौकटीला दोन्ही बाजूंनी चार-चार म्हणजे आठ छिद्रे, फुटाला १६ चौकटी, म्हणजे फुटाला १२८ छिद्रे. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी सुमारे ३,७०० फूट सांगितली जाते. नुसत्या तेवढ्या लांबीची ४,७३,६०० छिद्रे होतात. चित्रीकरणात वाया गेलेली फीत आणि छापलेल्या प्रती यांत धरलेल्याच नाहीत. यंत्र एका दाबात अनेक छिद्रे पाडत असेल, तरी फीत सरळ सरकवणे, ती ओरखडू न देणे आणि हे सारे न पाहता बोटांनी ओळखणे, हे कसबाचे काम आहे. एका छिद्राची जागा चुकली तर पडद्यावर चित्र थरथरते. आमच्या ध्वनीच्या माणसाने जुन्या फितीचा तुकडा डोळे बांधून हाताळून पाहिला आणि कड कोणती, उलटी बाजू कोणती हे ओळखायला त्याला अख्खा दिवस लागला. चित्रपटात हा भाग मी काळ्या पडद्यावर ठेवला आहे. चाळीस सेकंद फक्त यंत्राचा आवाज आणि शेवटी तो आकडा.

हक्कांविषयी मला फार भीती होती, आणि ती निम्मी अज्ञानातून आली होती. मे २०२४ मध्ये एका वकील बाईंचा सल्ला घेतला, दोन भेटींचे ६,००० रुपये झाले आणि ते सत्कारणी लागले. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क तो प्रकाशित झाल्यानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे टिकतो, त्यामुळे मूकपट त्याबाहेर आले आहेत. लेखकाच्या लिखाणाचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो. फाळके १९४४ साली गेले, म्हणून त्यांनी लिहून ठेवलेले लेख २००५ पासून मोकळे आहेत. कमलाबाई १९९८ साली गेल्या, म्हणून त्यांचे लिखाण किंवा पत्र वापरायचे तर वारसांची परवानगी हवीच. मात्र कायद्याने मोकळी असलेली वस्तू एखाद्या संग्रहाकडून करारावर घेतली की त्या कराराच्या अटी आपल्यावर बंधनकारक होतात, हे मला तोवर माहीत नव्हते. गिरगाव भागातील जुन्या रस्त्यांची ११० सेकंदांची दृश्ये मी एका खासगी संग्रहाकडून सेकंदाला ६०० रुपये या दराने घेतली. ६६,००० रुपये मनाशी धरले होते, त्यावर १८ टक्के जीएसटी लागून ७७,८८० झाले. शिवाय करार फक्त पाच वर्षांचा आणि फक्त भारतापुरता होता. दर विचारताना कर धरून का, किती वर्षांसाठी, कोणत्या देशांसाठी आणि कोणत्या माध्यमांसाठी, हे एका दमात विचारून घ्यावे.

जून ते ऑक्टोबर २०२४ मध्ये चित्रीकरण झाले. नाशिक, मुंबई आणि कोल्हापूर मिळून चौदा दिवस लागले. नाशिकला पावसाने तीन दिवस खाल्ले. त्याबद्दल विशेष सांगण्यासारखे नाही.

सांगण्यासारखे आहे ते कोल्हापूर जिल्ह्यातील एका घराविषयी. या कुटुंबाच्या पूर्वजांचा फिरता तंबू होता, म्हणजे गावोगावच्या जत्रांत ते सिनेमा दाखवीत. घरातील आजी ८६ वर्षांच्या. पहिल्या दोन भेटींत त्यांनी जुन्या कागदांची पेटी उघडू दिली नाही, आणि ते योग्यच होते, कारण याआधी कोणी तरी काही छायाचित्रे नेऊन परत केली नव्हती. तिसऱ्या भेटीत मी कॅमेरा न नेता एक कोरी वही नेली आणि म्हटले, ‘‘आजी, पेटीतला एकही कागद घराबाहेर जाणार नाही. इथेच बसून प्रत काढू, प्रत्येकाला क्रमांक देऊ आणि ही वही तुमच्याकडेच राहील.’’ त्या थोडा वेळ गप्प राहिल्या, मग सुनेला म्हणाल्या, ‘‘किल्ली आण गं, देवघरातली.’’

पेटीत ६३ छायाचित्रे आणि मोडीतील हिशेबाची बावीस पाने होती. मोडी वाचणाऱ्या एका गृहस्थांनी पानाला २५० रुपये घेऊन ती उतरवून दिली, एकूण ५,५०० रुपये. त्यात यंत्र चालवणाऱ्याचे, गाडीवानाचे, पेटी वाजवणाऱ्याचे नाव आहे. बायकांच्या बाजूच्या दाराशी तिकिटे घेणाऱ्या बाईची मजुरी प्रत्येक मुक्कामाला लिहिलेली आहे, पण नाव एकदाही नाही. नोंद आहे ती ‘दारावरील बाई’ एवढीच. पडद्यावरच्या नट्यांच्या शोधात मी निघाले होते आणि दीड वर्षाने माझ्यासमोर हे दार आले. पुष्कळ घरांतील बायकांनी जत्रेच्या तंबूतच आयुष्यातला पहिला चित्रपट पाहिला असेल, आणि त्या आत जाण्याचा निर्धोक मार्ग म्हणजे दाराशी बसलेली ती दुसरी बाई. मी चित्रपटाचा शेवट बदलला.

छायाचित्रांतील ४७ क्रमांकाचे छायाचित्र एका तरुण स्त्रीचे आहे. नऊवारी, कपाळावर मोठे कुंकू, हात खुर्चीच्या पाठीवर आणि पाठीमागे रंगवलेला पडदा. मागच्या बाजूला काहीही लिहिलेले नाही. माझ्या वहीतील प्रत्येक पानाशी ते ताडून पाहिले. हीच सुशीलादेवी असेल असे दोघांनी मला सुचवले, पण तसे म्हणायला चेहऱ्यातील साम्याच्या भासापलीकडे काही नव्हते. मी ते ‘अनोळखी स्त्री’ म्हणूनच वापरले. जिच्या नावाची खात्री नाही तिला आपल्याला हवे ते नाव देणे म्हणजे तिचे खरे नाव दुसऱ्यांदा पुसणे, असे मला तेव्हाही वाटत होते आणि आजही वाटते. कुटुंबाचे संमतीपत्र मात्र मी सविस्तर केले. कोणती छायाचित्रे, कोणत्या चित्रपटासाठी, कुठे दाखवणार, जाहिरातीत वापरणार की नाही, हे सर्व मराठीत लिहून, मोठ्याने वाचून दाखवून मग सही घेतली. इंग्रजी नमुना छापून सहीसाठी पुढे करू नये. समोरचा माणूस संकोचाने सही करतो आणि मनात शंका ठेवतो.

संकलन नोव्हेंबर २०२४ ते एप्रिल २०२५ चालले. पहिली आवृत्ती ५८ मिनिटांची होती. दुर्गाबाईंविषयी मी नऊ मिनिटे बोलत होते आणि दाखवायला जवळपास काही नव्हते. कमलाबाईंना दीर्घ आयुष्य लाभले आणि त्या हयात असतानाच त्यांच्यावर माहितीपट झाला, त्यामुळे त्यांचा उतारवयातला चेहरा आणि आवाज तरी राहिला आहे. आईच्या वाट्याला तेही आले नाही. पतीपासून वेगळ्या होऊन, लहान मुलीला घेऊन फिरत्या नाटक मंडळीत पोट भरणाऱ्या त्या बाईला पार्वतीचे काम देऊ केले तेव्हा तिने काय विचार केला असेल, हे मी निवेदनात कल्पनेने लिहिले होते. संकलकाने ते काढायला लावले. मी दोन दिवस त्याच्याशी बोलले नाही, आणि तिसऱ्या दिवशी तो बरोबर आहे हे मान्य केले. तिथे आता मुंबईतील वाचनालयात हाताने उतरवून घेतलेल्या जाहिरातीचे पान आहे आणि माझा आवाज नाही.

एकूण खर्च ४,३८,००० रुपये झाला. त्यातील दीड लाख एका छोट्या अनुदानाचे, बाकी माझी बचत आणि दोन मैत्रिणींकडून घेतलेले कर्ज. सर्वांत मोठा खर्च चित्रीकरणाचा नसून संकलन, ध्वनी आणि रंगदुरुस्ती यांचा होता. तसाच तो होतो, हे अंदाजपत्रक करताना लक्षात ठेवावे.

सार्वजनिक प्रदर्शनासाठी १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली प्रमाणपत्र लागते, माहितीपटालाही लागते आणि लहान लांबीच्या चित्रपटालाही लागते. अर्ज ई-सिनेप्रमाण या संकेतस्थळावर भरावा लागतो. मी तो जूनच्या शेवटच्या आठवड्यात भरला आणि तो त्रुटींसह परत आला. चूक पूर्णपणे माझी होती. अर्जात, शपथपत्रात आणि पडद्यावरील नामावलीत माझेच नाव तीन प्रकारे लिहिले गेले होते. एकीकडे वडिलांच्या नावासह, एकीकडे लग्नानंतरचे आडनाव आणि एकीकडे नुसते नाव आणि माहेरचे आडनाव. दोन वर्षे इतरांच्या नावांची रूपे जुळवत बसले होते, स्वतःच्या नावाकडे लक्ष गेले नव्हते. शपथपत्र नव्याने करून, नामावली दुरुस्त करून आणि चित्रपटाची नवी प्रत काढून पुन्हा पाठवायला तीन आठवडे आणि ९,२०० रुपये लागले. पहिल्या दिवशीच एक नाव आणि त्याचे स्पेलिंग ठरवून आधार, पॅन, करार आणि नामावली यांत तेच आहे ना, हे पाहून घ्यावे. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए, म्हणजे पालकांच्या मार्गदर्शनाने पाहायच्या, वर्गाचे ७, १३ आणि १६ वर्षे असे भाग झाले आहेत आणि प्रमाणपत्राची दहा वर्षांची मुदत गेली आहे. माझ्या चित्रपटाला यू, म्हणजे सर्वांना पाहता येईल असे, प्रमाणपत्र मिळाले.

सप्टेंबरच्या दुसऱ्या रविवारी मी त्या घरी चित्रपट दाखवायला गेले. पुढच्या खोलीत भिंतीवर चादर लावली, शेजारच्या बायका आल्या, आजी पुढे खुर्चीवर बसल्या. तंबूच्या दाराचा भाग आला तेव्हा त्यांनी सुनेचा हात धरला. नंतर त्यांनी ती क्रमांकांची वही मागवली, ४७ चे पान काढले आणि कोऱ्या ओळीवर बराच वेळ बोट ठेवून बसल्या. धाकट्या नणंदेला काही आठवते का ते दिवाळीला ती आली की विचारते, असे म्हणाल्या, आणि आठवणीसाठी त्या ओळीवर पेन्सिलीने एक बारीक खूण करून वही पुन्हा पेटीत ठेवायला दिली.